युसूफच्या आवाजाची घागर

धुळ्याच्या प्रभाकर नानाने युसूफला फसवलं. मलाही फसवलं, पण माझं सोडा. मी घासाघिशीवर मोठा झालेला माणूस. कधी मी समोरच्याला गुंडाळतो, कधी समोरचा मला. युसूफने आयुष्यात कुणाशी भाव केला नाही. त्याच्याकडून नानाने जे नेलं, ते अजून परत दिलेलं नाही. हे आधीच सांगून टाकतो. पुढे मी उन्हाबद्दल आणि झोक्यांबद्दल बोलायला लागेन, तेव्हा कुणाला वाटायला नको की माझा राग निवला.

चैत्र सरत आला आहे. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, तोंडावर आली. जळगावात या दिवसांत दुपारचा रस्ता म्हणजे तापलेला तवा. कुत्रीसुद्धा गटारीच्या ओलीत पोट टेकून पडतात. माझं जुन्या वाद्यांचं आणि स्पीकरांचं दुकान आहे. बंद पडलेल्या बँडपार्ट्या, मोडलेले ऑर्केस्ट्रा यांचा माल घेतो, दुरुस्त करतो, विकतो. दुपारी शटर अर्धं ओढून बनियनवर कूलरसमोर बसतो. पाठीमागे भिंतभर, छतापर्यंत स्पीकर रचलेले. एकालाही वायर जोडलेली नाही.

आणि तरी ते हलतात. लांब हायवेवरून एखाद्या वरातीचा डीजे निघाला की आधी आवाज येत नाही. आधी खालच्या रांगेतल्या मोठ्या स्पीकरचा काळा कागद थरथरतो, झोपेत कातडी हलवणाऱ्या जनावरासारखा. मग ग्लासातल्या पाण्यावर बारीक वर्तुळं उठतात. मग कपाटाची काच. गाणं कानावर पडायच्या आत मला ते छातीत कळतं, आणि पहिल्या ठोक्यांतच हेही कळतं की ते आमचं आहे.

आमचं म्हणजे माझं आणि युसूफचं. आवाज युसूफचा. पण पळवलेला, पिळून बारीक केलेला, मेळ्यात चेंगरलेल्या पोराच्या किंचाळीसारखा. ट्रक जवळ येतो, दुकान हादरतं, जोडणी नसलेले माझे सगळे स्पीकर गाऊ लागतात, आणि मी ग्लास हाताने झाकून बसतो. का झाकतो, मला सांगता येणार नाही.

*

गोष्ट भुसावळपासून सुरू होते. तिथल्या रेल्वे कॉलनीत एक निवृत्त गार्ड घर आवरून मुलीकडे कायमचा निघाला होता. गोव्याकडचा माणूस, एकटा, पांढरी दाढी. मी त्याचं सामान बघायला गेलो. कोपऱ्यात चार जाड तारांची बेस गिटार उभी होती. मी तिच्याकडे बघितलंच नाही. पंख्यावर भांडलो, ट्रंकेवर भांडलो, आणि निघताना अगदी सहज म्हणालो, "ते लाकूड पण टाका वर."

म्हातारा हसला. म्हणाला, "आते ही तुमने पहले वही देखा. बाद में पूरा टाइम छत देखते रहे."

गिटारसोबत त्याने बुटाच्या खोक्यातल्या कॅसेटी दिल्या. जमैका नावाच्या बेटावरचं संगीत. रेगे. त्यातली एक त्याने लावून दाखवली. मी ऐकत राहिलो. जाड आवाज दोन पावलं टाकायचा आणि थांबायचा. जिथे आपल्याकडे टाळी पडते तिथे काहीच नाही. टाळी भलतीकडेच, मागून, अंग चोरून येणारी.

"तुम दुकानदार आदमी," गार्ड म्हणाला, "खाली जगह देखी कि माल भर दोगे. इसमें जगह खाली रखना पड़ता. उसी में गाना रहता है."

मी रावेरकडचा, केळीच्या मुलखातला. पोरवयात घड ट्रकमध्ये भरायचं काम केलं. खांद्यावरून उतरवलेला घड रचायच्या आधी क्षणभर हातावर तोलावा लागतो. घाई केली की केळी काळी पडते. गार्डाचं म्हणणं मला त्या हिशेबाने कळलं. बोटांना घट्टे होतेच, जाड तारा हाताला मानवल्या. शिकवायला कुणी नव्हतं. कॅसेट लावायची, थांबवायची, वाजवायची.

युसूफ दुकानात यायचा कापूस घेऊन. स्पीकरच्या पेटीत आतून कापूस लावावा लागतो, नाहीतर आवाज आतल्या आत आदळतो. तो नशिराबादचा, पिंजाऱ्याच्या घरातला. सगळीकडे पिंजणाची यंत्रं आली तरी याच्या बापाने कापूस पिंजायची धनुकली सोडली नव्हती, आणि लेकानेही नाही. एका दुपारी तो पेटीत कापूस भरत बसला होता, मी कॅसेट लावून बेस घोटत होतो. मध्येच "टंग" असा आवाज झाला. मग पुन्हा. जिथे जागा रिकामी होती, बरोबर तिथे. युसूफ मान खाली घालून धनुकलीची तात छेडत होता.

"सुपडूभाई," तो म्हणाला, "ये बाहर का क्या है इसमें? ये तो अब्बा का पिंजण है. मारो, कापूस उडने दो, फिर मारो. कापूस उडतो तेव्हा हात थांबतो ना."

आणि मग तो गायला. काय गायला ते आठवत नाही, शब्द नसावेतच. आवाज खालचा, रुंद, थोडा खरबरीत, भिजून पुन्हा वाळलेल्या लाकडासारखा. एवढ्या वर्षांत मी शेकडो गायक ऐकलेत, त्यांच्या पेट्या विकत घेतल्यात. प्रत्येक जण समोरच्याला काहीतरी विकत असतो. युसूफ काही विकत नव्हता. बस्स.

*

आमची पहिली वरात सोनगीरला. मी बेसवर, युसूफ गळ्याने आणि हाताने. आपल्याकडे बँडात वाजतो तो बेंजो त्याने गळ्यात अडकवलेला, त्यावर तो मागून येणारी टाळी काढायचा. ठोक्यासाठी एक छोटं यंत्र. दोघांचीच पार्टी. वधूचा मामा आमच्या मागे वाकून बघत होता.

"बाकीना बँड कोठे शे?"

"हाच बठ्ठा, सगळा," मी म्हणालो.

नवरदेवाची घोडी नाचणारी होती, पांढरी, पायात घुंगरू. अशा घोड्या वाजपावर तयार केलेल्या असतात: वाजप सुरू की पाय उचलायचा, वाजप थांबलं की जागीच उभं राहायचं. आम्ही सुरू केलं. घोडीने पाय उचलला. आमची रिकामी जागा आली. घोडी थांबली. पुढचा ठोका, घोडी उचलली. पुन्हा जागा, पुन्हा थांबली. नवरदेव दर वेळी पुढे हिसडायचा. बाशिंग डोळ्यांवर, मग नाकावर, शेवटी गळ्यात. वरातीतली पोरं रस्त्यावर बसून हसत होती. घोडीवाला, सुकलाल आबा, काठी घेऊन आमच्यावर धावला.

"भाड्यासहो, घोडी बिघाडी टाकी तुम्हनी मनी! बारा वरीसनी मेहनत!"

मी उलट आवाज चढवला, की तुझी घोडी शहाणी आहे, तुला अक्कल नाही. प्रकरण हातघाईवर आलं. तेवढ्यात बायकांच्या घोळक्यातून जिजाक्का नावाची एक म्हातारी पुढे आली. आबाला बाजूला सारून युसूफसमोर उभी राहिली. तिचं अंग आधीच पुढे-मागे होत होतं.

"थांब रे सुकलाल. हाई ते आखाजीना झोका शे." मग युसूफला, "पोर्‍या, वाजाड. तू झोका दी राहिना."

आमच्या खानदेशात आखाजीला लेकी माहेरी येतात, झाडांना झोके बांधतात, झोक्यावर गाणी म्हणतात. झोका पुढे जातो, मागे येतो, आणि दोन्ही टोकांना क्षणभर अधांतरी थांबतो. गाणाऱ्या बाया तिथे श्वास घेतात. आम्ही तीच जागा मोकळी ठेवत होतो. त्या संध्याकाळी सोनगीरच्या बाया वरातीत नाचल्या नाहीत, हेलकावल्या. किल्ल्याच्या टेकडीवरून ऊन उतरत होतं. घोडी मान खाली घालून शांत उभी होती.

लोकांनी नाव ठेवलं "थांबाथांबी पार्टी". नाव चेष्टेचं होतं, पण आमंत्रणं येऊ लागली. पुढची काही वर्षं पारोळा, एरंडोल, वरणगाव, शिरपूर, कुठे कुठे वाजवलं. बोलणी मी करायचो. कोणी म्हणालं "दोनच माणसं?", की मी म्हणायचो, "जेवायलाही दोनच आहोत." युसूफ मागे उभा राहून हसायचा.

युसूफने एक गाणं बांधलं, जिजाक्काच्या बोलीत, तिच्याचकडून शब्द घासून घेऊन:

झोका गया दूर माय, झोका उना घर,
मझारमां जठे थांबना, तठे मनं माहेर.

म्हणजे झोका दूर गेला, परत आला, आणि मध्ये जिथे थांबला तेच माझं माहेर. "थांबना" म्हणून युसूफ खरंच थांबायचा. मीही बोट तारेवरून उचलायचो. मांडवात एवढी शांतता व्हायची की वर कनातीचं कापड फडफडलेलं ऐकू यायचं. मग तो "तठे मनं माहेर" म्हणायचा, आणि समोर बसलेल्या एखाद्या बाईचा पदर तोंडाला जायचा. त्या थांबण्यात ती बाई आपल्या गावी जाऊन यायची. ते गाणं म्हणजे ती जागा. बाकीचे शब्द तिच्याकडे जायची पायवाट.

*

आता त्या वैशाखाबद्दल.

त्या वर्षी उन्हाळा लवकर तापला होता. केळीच्या बागांना वाऱ्याच्या बाजूने लावलेली हिरवी जाळी फाटून लोंबत होती आणि पानांच्या चिंध्या दिवसभर सळसळत होत्या, कोणीतरी सतत कागद फाडतंय अशा. चिंचेखाली मेलेल्या साळुंक्या दिसायच्या. आमच्या चुलतीने एक उचलून ओट्यावर ठेवली, पाण्याचा थेंब चोचीत घातला, आणि म्हणाली, "यंदा कोनाले तरी भोवंन हे ऊन." मी तिला म्हणालो, दर वर्षी हेच म्हणतेस.

प्रभाकर नाना धुळ्याचा. कापडाच्या दुकानावर दोन खोल्या घेऊन त्याने रेकॉर्डिंग सुरू केलं होतं. अहिराणी गाणी मोबाइलवर चालू लागली होती, आणि नानाला वास लवकर येतो. एका लग्नात त्याने आम्हाला ऐकलं. जवळ आला, युसूफच्या खांद्यावर हात ठेवला.

"काय म्हनतस ह्या गानाले?"

"रेगे," मी म्हणालो.

"रेगे? कोकनमाधला रेगे का?"

हसलो आम्ही. नाना गोड बोलतो. म्हणाला, पैशाचं नाव काढू नका, दोघंही मनी पोरे समजा. एकच काम करा. खोलीला आवाज अडवायला गाद्या लागतात, चारी भिंतींना, छताला. पिंजाऱ्याच्या हातच्या करून द्या. मी रेकॉर्डिंग करतो, नाव तुमचं देतो.

मला तो सौदा बरा वाटला. मालावर माल. फाल्गुन आणि चैत्र, युसूफ आणि त्याचा बाप नशिराबादच्या अंगणात कापूस पिंजत बसले. मी जायचो तेव्हा दोघं पांढऱ्या धुरात बसल्यासारखे दिसायचे, भुवया पांढऱ्या, आणि त्या धुरातून टंग, टंग. बाप गाद्या शिवता शिवता म्हणाला, "इतनी मोटी गादी पे सोएगा कौन?" युसूफ म्हणाला, "कोई नहीं, अब्बा. आवाज सोएगी."

आखाजीच्या आधी दोन दिवस आम्ही धुळ्याला गेलो. खोली गाद्यांनी मढवलेली. पंखा बंद, कारण पंख्याचा आवाज येतो. दार लावलं आणि कानात दडा बसावा तसं झालं. युसूफने घसा साफ केला, आणि तो आवाज त्याच्या तोंडापुढेच विरला. त्याने चमकून चौफेर बघितलं. हाताने एक गादी दाबली, स्वतः शिवलेली.

"सुपडूभाई, इस कमरे में आवाज लौटती नहीं."

मी म्हणालो, गा, उकडून मरतोय. तो गायला. एकदाच. मी आयुष्यात ऐकलेल्यातलं सगळ्यात चांगलं. "थांबना" नंतर तो इतका वेळ थांबला की काचेपलीकडे नानाने मान वर केली. गाणं संपल्यावर नाना बाहेर आला, त्याचे डोळे ओले होते. ते खोटं नव्हतं, एवढं मी मान्य करतो. डोळे पुसून तो म्हणाला, "भो, मझारमां कितली खाली जागा शे! लोके समजतीन लाईट गयी."

"ती जागा गाण्याचीच आहे," मी म्हणालो. "तिला हात लावायचा नाही."

"नही लावत. तुन्ही आन."

*

आखाजी होऊन काही दिवस झाले होते. पारोळ्याच्या स्टँडवर आम्ही चहा पीत होतो. शेजारच्या रिक्षात गाणं लागलं. ढोल, ताशा, शिट्ट्या, आणि त्यांच्या वर एक चिरका, धावणारा आवाज. युसूफ हसला.

"ये कौन बच्चा है? पीछे पोलीस लगी क्या इसके?"

मग ओळ आली. झोका गया दूर माय. युसूफने बशी खाली ठेवली. माणूस आपला आवाज ओळखत नाही म्हणतात. त्याने श्वास ओळखला. "थांबना"च्या आधी तो नाकाने एक लहानसा श्वास घ्यायचा. तो श्वास तिथे होता, यंत्रावर पळवलेला, कुत्र्याच्या धापेसारखा. आणि थांबना नंतर थांबणं नव्हतंच. तिथे ढोल ठासून भरले होते. पोत्यात कापूस पायाने दाबून भरतात तसे. मोबाइलवर नाव बघितलं. नानाचं होतं. गायक म्हणून कुणीच नाही.

मी तिथूनच नानाला फोन लावला. स्टँडवरची माणसं वळून बघत होती, एवढा ओरडलो.

"भाऊ, डीजेले असंच लागस," नाना शांतपणे म्हणाला. "लोके नाची राहिनात. तुले आनंद नही का?"

लोक नाचत होते, हे खरं. त्या वैशाखात खानदेशात असं लग्न नसेल जिथे ते वाजलं नाही. आणि आता आम्हाला बोलावणारे म्हणू लागले, "मोबाइलमा वाजस तसंच म्हना." मी भांडलो. दर मांडवात भांडलो. असं वाजत नाही, हवं तर घ्या नाहीतर दुसरा बघा. पण समोर बसलेली पोरंसोरं, नवरीच्या मैत्रिणी "ते, ते" म्हणून ओरडायच्या, आणि युसूफला कुणाला नाही म्हणता यायचं नाही. तो म्हणायचा, "जाने दो भाई. शादी है." आणि आवाज वर चढवायचा.

म्हणजे काय करायचा, ते नीट समजून घ्या. जो आवाज यंत्राने चढवला होता, तो युसूफ गळ्याने चढवत होता. स्वतःच्याच नकलेची नक्कल. धूळ उडत असलेल्या रस्त्यांवर, चटक्यात, समोरून येणाऱ्या डीजेच्या भिंतीवर आपटत. पहिल्या आठवड्यात त्याने मफलर बांधला, त्या उन्हात. मग खडीसाखर तोंडात ठेवू लागला. मग बोलणं कमी केलं, म्हणाला, गाण्यासाठी साठवतो. मी वाद्यांचा माणूस आहे. तार तुटायच्या आधी तिचा रंग बदलतो, सूर लागतो पण टिकत नाही, हात लावला की बारीक खर लागते. मला हे सगळं दिसत होतं, मी सांगत होतो, आणि तो मान हलवून हसत होता. हसण्याचाही आवाज येत नव्हता.

शेवटची वरात पुन्हा सोनगीरची. तीच टेकडी, तोच किल्ला, दिवस कलायला आलेला. आकाश पिवळं पडलं होतं, वावटळीआधी पडतं तसं. गावात त्या दिवशी लग्नं फार. घोडीही तीच, सुकलाल आबाचीच, आता थकलेली, पाठ वाकलेली. चौकात समोरच्या गल्लीतून दुसरी वरात आली, ट्रकवर डीजे. त्यावर तेच गाणं. दोन्ही वराती एकमेकींत घुसल्या. युसूफने डोळे मिटले आणि ओळ घेतली. मझारमां जठे थांबना.

आणि आवाज गेला. फाटला नाही, घसरला नाही. गेला. तोंड उघडं, मानेच्या शिरा ताणलेल्या, आणि बाहेर काहीच नाही. माझी बोटं तारेवरून आपोआप उठली. आणि त्याच क्षणी समोरच्या ट्रकमधून त्याचाच आवाज, चिरका, ठणठणीत, पुढची ओळ पुरी करून गेला: तठे मनं माहेर. माणसं नाचत होती. युसूफपासून दोन हातांवर एक पोरगा त्याच्याकडे बघून टाळ्या पिटत होता. कुणाला काही कळलं नाही.

फक्त घोडी थांबली. एवढा डीजे कानाशी गरजत असताना ती चारी पायांवर जागीच उभी राहिली. नवरदेव तिला टाचा मारत होता, पोरं शेपूट ओढत होती. सुकलाल आबा लगाम धरून आमच्याकडे वळला. म्हणाला, "हिले समजनं."

*

डॉक्टरांनी गळ्यात गाठ म्हटलं. जळगावात ऑपरेशन झालं. जीव राहिला. बोलणं राहिलं ते कुजबुजीएवढं, कापूस कापसावर घासावा तसं. युसूफची बायको रेहाना हॉस्पिटलच्या जिन्यात माझ्याशी बोलली, पहिल्यांदाच नजर वर करून. "सारी दुनिया से लड़े आप, भाईजान. जिससे लड़ना था, उसके सामने कब बैठे?"

मी बसलो होतो. फोनवर, रस्त्यात, माणसं पाठवून. नाना भेटायचा, चहा पाजायचा, हळहळायचा. काही हाती लागायचं नाही. मी बेस गिटार दुकानात उलटी टांगून ठेवली. गिऱ्हाईकं विचारतात, मी एवढा भाव सांगतो की ती पुन्हा विचारत नाहीत.

युसूफची मुलगी आयेशा त्याच्या पुढच्या वर्षी जन्मली. आता शाळेत जाते. ती जन्मली तेव्हा बापाचा आवाज गेलेला होता. मागच्या आठवड्यात मी नशिराबादला गेलो, तर बाहेरून वरात चालली होती आणि पोरगी अंगणात त्या गाण्यावर नाचत होती. घराच्या पत्र्याला कंप सुटलेला. बाप ओट्यावर रजई शिवत होता, सुई हातात धरून थांबला होता. आवाज विरल्यावर ती धापा टाकत त्याच्याजवळ आली.

"अब्बा, तुम इतना जल्दी-जल्दी क्यों गाते थे?"

युसूफने तोंड उघडलं. मग माझ्याकडे बघितलं.

मी तिला म्हणालो, असा नव्हता गात तुझा बाप. मी खरा आवाज आणून ऐकवतो. हे मी रागाच्या भरात बोललो नाही. जो शब्द देतो तो पाळतो, म्हणूनच मी बाजारात उभा आहे.

दुसऱ्या दिवशी धुळ्याला गेलो. नानाचं आता मोठं झालंय, जिन्याला काच, बाहेर गायकांची रांग. पण आतल्या खोलीत गाद्या त्याच. कडा काळ्या पडलेल्या, युसूफच्या बापाचे टाके तसेच. तो बाप मागच्या हिवाळ्यात गेला. मी एका गादीवर हात ठेवला. वाटलं, आत काहीतरी दाबून बसलंय.

"नाना, मूळ दे. पहिलं, न पळवलेलं. बाकी काही मागत नाही."

"ते ते कव्हयच पुसाई गयं, भाऊ. जागा लागत व्हती."

मी गादीवरचा हात काढला नाही. मग तो स्वतःच पुढे बोलू लागला, आणि न विचारता बोलणारा माणूस मला ओळखता येतो. म्हणाला, गळा काय गाण्याने जातो का, पिंजाऱ्याचं पोर, जन्मभर कापसाची धूळ. म्हणाला, तरी मला वाईट वाटतं. म्हणाला, "बोल, तूच भाव सांग."

आयुष्यभर मी या वाक्याची वाट बघत धंदा केला. समोरचा "तूच सांग" म्हणाला की खेळ जिंकला. त्या दिवशी माझ्या तोंडून आकडा निघेना. मी जिना उतरलो.

आणि चार दिवसांनी एरंडोलकडचा एक डीजेवाला माझ्याकडे स्पीकर घ्यायला आला. गप्पांत म्हणाला, नानाकडे झोक्याचं जुनं, हळूवालं आहे म्हणे. नाना काढणार आहे. मी विचारलं, कधी? तो हसला, त्याला काय ठाऊक माझं कोण आहे ते. म्हणाला, "नाना म्हने, घाई नही. गानारा गया का मंग असं भारी चालस."

माझ्या मागे स्पीकरांचे कागद थरथरायला लागले होते. रस्त्यावर काही नव्हतं. कुठेतरी लांब असेल.

*

आखाजीला आमच्याकडे पितरांची घागर भरतात. मातीची नवी घागर, थंड पाणी, वर खरबूज. घरातलं जे माणूस गेलं त्याच्या नावाने. मी बापाची भरतो. पण ज्याचं मरण नक्की नाही त्याची घागर भरता येत नाही. चुलती सांगायची, हरवलेल्याची भरली तर तो असेल तिथे मरतो, आणि मेलेल्याची नाही भरली तर तो तहानलेला दारोदार फिरतो. युसूफचा आवाज दर वैशाखात ट्रकवर बसून गावोगाव फिरतो. मी त्याचं काय करू?

आखाजीलाच सालदाराचं, वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या शेतगड्याचं, सालही संपतं. त्या दिवशी मालक आणि गडी चार माणसांत समोरासमोर बसतात आणि एकमेकांना जे बोलायचं ते तोंडावर बोलतात. कितीही मोठा मालक असो, त्या दिवशी विचारलेल्याला उत्तर द्यावं लागतं.

तर प्रभाकर नाना, विचारतो. तू मला म्हणालास पुसलं, आणि त्या डीजेवाल्याला म्हणालास आहे. दोन्हींतलं एक खोटं आहे. आखाजीला नशिराबादला ये. युसूफच्या ओट्यावर बस, त्याच्याच हातच्या गादीवर. आयेशा समोर असेल. पुसलं असेल तर तिच्या तोंडावर सांग की तुझ्या बापाचा आवाज मी मारला, म्हणजे मी त्याची घागर भरीन आणि माझं तोंड बंद करीन. आणि ठेवला असशील, युसूफ मरायची वाट बघत ठेवला असशील, तर तो जिवंत आहे तोवर आणून दे.

मेला की आहे? सांग.